सीलबंद दुकानातल्या सव्वीस कात्र्या

प्रति,
मा. परवाना अधिकारी,
व्यापार परवाना विभाग,
दुसरा मजला, खोली क्र. ९.

विषय : परवाना नूतनीकरणाचा अर्ज मागे घेणेबाबत व सील केलेल्या दुकानातून गिऱ्हाइकांच्या कात्र्या काढू देणेबाबत.

संदर्भ : १) माझा तीन वर्षांपूर्वीचा अर्ज. २) न्यायालयाचे दोन आदेश. ३) आपले एकमेव पत्र.

महोदय,

१. मी खाली सही करणार, कात्र्या-सुऱ्यांना धार लावण्याचा व त्यांच्या किरकोळ विक्रीचा धंदा जिन्याखालच्या दुकानात बावीस वर्षे करीत होतो. परवान्याची मुदत संपण्याच्या वीस दिवस आधी नूतनीकरणाचा अर्ज दिला. त्याची पोच माझ्याजवळ आहे.

२. सदर अर्जाला आपल्या कार्यालयाने होकार दिला नाही आणि नकारही दिला नाही. आठ महिन्यांनी मात्र, परवाना नाही या कारणास्तव निरीक्षक साहेब दुकानाला सील लावण्यास सकाळीच आले. तेव्हा पायाने फिरवायचे माझे चाक फिरत होते. 'ते थांबेपर्यंत थांबतो,' असे म्हणून ते खरोखर थांबले. त्यांच्याविषयी माझी तक्रार नाही.

३. अपील करण्यास गेलो असता अपील अधिकाऱ्यांनी विचारले, 'अपील कशाविरुद्ध? नकाराचा आदेश कुठाय?' सबब लेखी नकार मागण्यासाठी मी आपल्या कार्यालयात सतरा वेळा आलो. आपले लिपिक म्हणाले, 'काका, नकार द्यायचा तर कारण लिहावं लागतं. काय कारण लिहू, तुम्हीच सांगा.'

४. अखेर मी एका वकीलबाईंकडे गेलो व त्यांनी माझ्यातर्फे न्यायालयात याचिका दाखल केली. न्यायालय सहसा 'परवाना द्या' असे सांगत नाही, 'काय ते ठरवा' एवढेच सांगते, हे त्यांनी आधीच समजावले होते. तेवढेही मला पुष्कळ वाटले. चौदा महिन्यांनी, सहा आठवड्यांत निर्णय घेण्याचा आदेश झाला. त्या दिवशी माझ्या पत्नीने दुकानाच्या दारावरची धूळ पुसली, सीलला धक्का न लावता.

५. एक्केचाळिसाव्या दिवशी आपले पत्र आले : अर्ज जुन्या नमुन्यात असल्याने विचारात घेता येत नाही. नवा नमुना माझ्या अर्जानंतर दोन वर्षांनी निघालेला आहे. अवमान याचिका केली. न्यायमूर्ती म्हणाले की, निर्णय घ्यायला सांगितले होते, तो घेतला गेला; तो चुकीचा असेल तर नव्याने याचिका करावी, यात अवमान होत नाही. बाहेर बाकावर वकीलबाई म्हणाल्या, 'आपली बाजू भक्कम आहे. परत लढू.' हे बोलताना त्या माझ्याकडे न पाहता फाईलची नाडी बांधत होत्या. दुसऱ्या दिवशी आपले लिपिक म्हणाले, 'तुम्ही कोर्टात गेलात ना काका, आता त्या फाईलला कोण हात लावणार?'

६. तरीही परत लढण्याची माझी तयारी होती. परंतु गेल्या आठवड्यात एका शिंप्याची मुलगी घरी आली. तिचे वडील वारले. सील लागले त्या दिवशी त्यांची कात्री माझ्याकडे धारेला होती. रस्त्यात भेटले की ते स्वतःच 'काही घाई नाही हो' म्हणत, आणि उसन्या कात्रीने कापड बेतत. मुलगी म्हणाली, 'बाबांची दुसरी कुठलीच वस्तू मला नको. तेवढी कात्री द्या.' मी तिला दुकानाशी नेले व दाराच्या फटीतून ती खिळ्याला टांगलेली दाखवली. ती बराच वेळ फटीला डोळा लावून उभी होती. मला आणखी काही करता आले नाही.

७. सबब माझा अर्ज मागे घेतला असे समजावे. नवा अर्ज किंवा नवी याचिका मी करणार नाही, हे या पत्राने लिहून देतो, म्हणजे फाईलला हात लावण्यास कोणाला अडचण राहणार नाही. दुकानात धारेला आलेल्या सव्वीस कात्र्या आहेत. प्रत्येकीला मालकाची चिठ्ठी बांधलेली आहे. आपल्या माणसासमक्ष एक तास सील काढावे व त्या ज्याच्या त्याला देऊ द्याव्यात.

८. एवढ्या दिवसांत कात्र्यांना गंज चढला असणार. तशाच परत करणे माझ्याने होणार नाही. तरी त्या एका तासापुरते मला चाक फिरवू द्यावे. मी कोणाकडून काही घेणार नाही, त्यामुळे तो विनापरवाना धंदा धरू नये.

आपल्या हुकमाची वाट पाहणारा,

(सही)
अर्जदार, धारवाला
दिनांक : ४ मार्च

सोबत : शिंप्याच्या मुलीचे पत्र. बाकीचे कागद आपल्या फाईलमध्ये आहेतच.