देव्हाऱ्यात राहिलेली नोटीस

बडोदे, गुरुवार, संध्याकाळ

आज सकाळी देव्हारा पुसायला काढला, तर आसनाखाली एक पाकीट सापडले. कुंकू लावलेले. माझीच सवय, सरकारी पत्र आले की आधी देवापुढे. आयात परवाना रद्द का करू नये, म्हणणे मांडा, अशी ती दोन वर्षांपूर्वीची नोटीस. विसरलो कसा मी?

परवान्यावर आणलेले यंत्र मी परस्पर विकले, या आरोपावरून परवाना रद्द झाला होता. त्याविरुद्धचा खटला हरलो तेव्हा वकीलसाहेब म्हणाले होते, "यंत्र विकले की नाही, हे वरचे कोर्ट पुन्हा तपासणार नाही. पण तुमचे न ऐकता परवाना रद्द केला असेल, तर अपिलात दम आहे." नोटीस मिळालीच नाही, असे शपथपत्र मी सही करून दिले. खरेच वाटत होते तेव्हा. उद्या अपील जायचे होते.

धाकट्या भावाला, वसंताला, पाकीट दाखवले. रागात तो गुजरातीवर जातो. "बाळी नाखो, नाना. जाळून टाका."

"शपथेवर लिहिलंय मी."

"आणि कारखाना? तो तुमचा देव चालवणार?"

त्याने गळा धरून माझे डोके देव्हाऱ्याच्या चौकटीवर आपटले. पुन्हा आपटले. मी त्याचे मनगट पिरगाळले. कट्कन वाजले, तरी सोडले नाही. देवासमोर! रक्त पाकिटावर, कुंकवाशेजारीच पडले.

कपाळाला फडके बांधून, पाकीट घेऊन सयाजीगंजला वकीलसाहेबांच्या कचेरीत गेलो. त्यांनी पाकिटावरचे डाग पाहिले, नोटीस वाचली. "हे कोर्टात दिलेत तर अपिलात काही उरत नाही. कारखाना जाईल."

"ठाऊक आहे."

पाकीट त्यांच्यापुढे ठेवले. माझे शपथपत्र मागून घेतले आणि तिथेच फाडले.