एक्सएलच्या खाली नाही

२ मार्च, सकाळ
त्वचेच्या डॉक्टरांकडे जाऊन आलो. माझ्या टाळूवरचा (मी टक्कल हा शब्द वापरत नाही) लाल चट्टा त्यांनी यंत्राने जाळून काढला. शी! स्वतःच्याच डोक्याचा करपट वास स्वतःच्याच नाकाने घ्यायचा. वर म्हणाले, आता उन्हात टोपीशिवाय पाऊल टाकायचं नाही. साधी कॅप चालणार नाही, चांगली चारी बाजूंनी रुंद काठाची हवी. चट्टा परत लाल झाला तर कापावा लागेल.

नेमकी चौदा तारखेला नातीच्या शाळेचा स्पोर्ट्स डे. भिंगरी दोनशे मीटर धावणार आहे आणि फिनिश लाइनवर तिसऱ्या नंबरचा जज मी. सगळ्या आजोबा मंडळींतून मलाच निवडलंय. गेल्या वर्षी भिंगरी तिसरी आली होती, पण जज मोबाइलवर बोलत होता आणि मेडल भलत्याच मुलीला गेलं. किळस येते असल्या बेजबाबदार माणसांची. भिंगरी म्हणाली, आजोबा, या वेळी तुम्ही आहात, मग मला टेन्शन नाही.

निश्चय : दोन दिवसांत टोपी आणायची. विषय संपला.

२ मार्च, संध्याकाळ
मुलीने रिटायरमेंटला दिलेल्या टोपीची हिला आठवण झाली. रुंद काठाची आहे खरी. गॅलरीत दोरीला टांगलेली असते, आत कपड्यांचे चिमटे. लेबल पाहिलं. एम. मीडियम! तेव्हाही घातली नव्हती, आताही घालणार नाही. ही म्हणाली, अहो, नुसती डोक्यावर ठेवून तर बघा. मी म्हणालो, ज्या डोक्यात सात मजल्यांच्या बिल्डिंगचं सळईपासून फरशीपर्यंत सगळं राहायचं, ते डोकं मीडियम नसतं. ही बरं म्हणाली आणि त्यातलेच चिमटे काढून टॉवेल वाळत घालायला लागली. वाद जिंकला.

४ मार्च
टोप्यांच्या दुकानात गेलो. ओकारी यायची बाकी राहिली. प्रत्येक टोपीच्या आतली पट्टी गावभरच्या कपाळांच्या तेलाने चकचकीत. एकीत लांब केस. एकीला शाम्पूचा वास, आणि त्या वासाखालून घामाचा. सुरुवातीलाच सांगून टाकलं, एक्सएलच्या खाली दाखवू नका. दुकानदाराने माझ्या डोक्याकडे पाहिलं, मग माझ्या तोंडाकडे पाहिलं आणि एक्सएल काढली. ती भुवयांवर येऊन थांबली. म्हणाला, सध्या हीच फॅशन आहे साहेब, एकदम हिरो दिसताय. आरशात हिरो वगैरे काही नव्हता, बरणीवर मोठं झाकण ठेवल्यासारखं दिसत होतं. पण तो दोष कटिंगचा. न घेता बाहेर पडलो. घरी येऊन साबणाने डोकं धुतलं. चट्टा झोंबला.

निश्चय : ऑनलाइन मागवायची. कोरी करकरीत.

५ मार्च
माप घेतलं. ही शिवणाचा टेप घेऊन आली. परत पाठवलं. कापडी टेप ताणला जातो, त्याच्यावर बांधकाम उभं राहत नाही. मी माझा स्टीलचा टेप काढला. तीस वर्षं साइटवर याच टेपने मापं घेतली, एक दार वाकडं बसलं नाही. (बारावं दार लाकडामुळे वाकडं होतं.) टेप डोक्याभोवती नीट वळत नव्हता. कानांपाशी कोपरे करून उभा राहत होता. एकदा सुटून कानाला लागला. तरी माप मिळवलंच : एकसष्ट. शिवाय साइटवर कोणतंही माप घेतलं की प्लास्टरला जागा सोडायची, हा माझा नियम. सोडली. त्रेसष्ट. म्हणजे डबल एक्सएल. हिला आकडा ऐकवला. ही म्हणाली, डोक्याला प्लास्टर कधी करणार? अडाणी प्रश्न.

८ मार्च
टोपी आली. रंग उत्तम. घातली आणि अंधार झाला. नाकाने अडवली म्हणून, नाहीतर गळ्यात आली असती. हिने तोंडात रुमाल कोंबला. मी शांतपणे सांगितलं की सैल वस्तू घट्ट करता येते, घट्ट वस्तू सैल करता येत नाही. यालाच दूरदृष्टी म्हणतात.

हनुवटीखाली बांधायला एक नाडी होती. बालवाडीतल्या पोरांच्या टोपीला असते तशी. कात्रीने कापून टाकली.

टोपी आटावी म्हणून बादलीभर कढत पाण्यात भिजत ठेवली आहे.

९ मार्च
काठ आटला. घेर तसाच. पाण्याला गटारासारखा रंग आणि ओल्या कुत्र्याचा वास. हल्ली कोणालाच चांगली वस्तू बनवता येत नाही. परत पाठवणार होतो, पण नाडी कापलेला माल ते घेत नाहीत म्हणे. चोर लेकाचे.

१० मार्च
साइटचं जुनं हेल्मेट आठवलं! दाराच्या मागेच टांगलेलं होतं. घट्ट-सैल करायला मागे चक्री. तीस वर्षं मला कधी मापाचा प्रश्न आला नाही तो याचमुळे. घातलं. बोटभरही हललं नाही. मग चक्री पाहिली तर ती शेवटच्या खाचेपर्यंत आवळलेली. माझ्या माघारी कोणीतरी हात लावलेला दिसतो.

भिंगरीला फोन करून सांगितलं, आजोबा पिवळं हेल्मेट घालून येणार. ती म्हणाली, आजोबा प्लीज नको ना, सगळ्या मुली हसतील. मुलांना वस्तूंची किंमत नसते. तरी तिच्यासाठी बेत रद्द.

१२ मार्च
सुटला प्रश्न! आत वर्तमानपत्राच्या घड्या. फटीत पॅकिंग भरलं की चौकट हलत नाही, तेच तत्त्व. रविवारची अख्खी पुरवणी लागली. बैठकीच्या खोलीत पंखा फुल्ल करून रंगीत तालीम घेतली. टोपी स्थिर. वाकून पाहिलं, वळून पाहिलं, स्थिर. हिने चिमट्यांची टोपी टेबलावर आणून ठेवली. मी ती परत गॅलरीत टांगून आलो.

१४ मार्च, दुपार
पंखा आणि ऊन यांत फरक असतो, हे मला कोणी सांगितलं नव्हतं.

अर्ध्या तासात घामाने पुरवणीचा लगदा झाला. कोमट, चिकट, शाईचा वास असलेला लगदा कपाळावरून भुवईत, भुवईतून डोळ्यात. मान वळवली की डोक्यावर काहीतरी सरपटायचं. एक गोळा कॉलरच्या आत गेला. तरी मी लाइन सोडली नाही. माझ्या जागी दुसरा असता तर घरी गेला असता.

दोनशे मीटर. भिंगरी निळ्या टी-शर्टात. वळणावर चौथी होती, मग तिने जोर धरला. मी पांढऱ्या रेषेवर नजर बसवायला खाली वाकलो आणि टोपी धप्पकन नाकावर आली. काळोख. आरडाओरडा. टोपी वर करेपर्यंत सगळ्या पोरी रेषेपलीकडे धापा टाकत उभ्या. खेळाच्या बाईंनी विचारलं, तिसरी कोण? समोर जी दिसली तिच्याकडे बोट केलं. पिवळा टी-शर्ट, म्हणालो. ठाम आवाजात म्हणालो. बाईंनी पुन्हा विचारलं, नक्की? जजने शब्द बदलायचा नसतो. नक्की, म्हणालो.

भिंगरीने नुसतं माझ्याकडे पाहिलं. माझ्या कपाळावर म्हणे कसल्याशा जाहिरातीची उलटी अक्षरं उमटली होती.

१४ मार्च, संध्याकाळ
टोपी कचऱ्यात.

भिंगरी तिसरीच होती असं मुलगी म्हणते. जावई म्हणतात. ही म्हणते. एवढ्या लांबून यांना दिसतं तरी कसं?

१५ मार्च
भिंगरी फोनवर येत नाही. अभ्यास करतेय म्हणे. रविवारी?

चूक कोणाची याचा शांतपणे विचार केला. टोपीची कंपनी. वर्तमानपत्राचा कागद. दुपारी शर्यत ठेवणारी शाळा. माझं नाव या यादीत बसवून पाहिलं, बसत नाही.

१७ मार्च
जेवण गेलं नाही. चट्टा लाल झालाय. आरशात स्वतःचं डोकं बघवत नाही. आतापर्यंत जगाचा वीट आला होता, आता घरातल्या माणसाचा आलाय, आणि हिचा नव्हे.

गेल्या वर्षीचा जज निदान फोनवर तरी बोलत होता.

१८ मार्च
डॉक्टरांकडे निघालो. ऊन कडक. मी दारात उघड्या डोक्याने उभा. ही गॅलरीतून आली, चिमटे टेबलावर ओतले आणि विचारायच्या आत टोपी माझ्या डोक्यावर ठेवली.

बसली. भुवयांच्या वर, कानांना न दुखवता. वारा आला तरी हलली नाही. तीन वर्षं ओले चिमटे वागवून वागवून ती सैल झाली असणार, एरवी एम मला कुठून यायला? आत डाव्या बाजूला काहीतरी टोचत होतं. शिवण असेल. टोपीवाल्यांकडून सुधारणेची अपेक्षा सोडून दिली आहे.

डॉक्टर म्हणाले, थोडक्यात वाचलात, कापायची गरज नाही. ही टोपी छान आहे, हीच घालत जा.

तिथून तसाच शाळेत गेलो. खेळाच्या बाईंना तांत्रिक खुलासा दिला, की निर्णयाच्या क्षणी टोपीमुळे दृष्टी अडली होती. बाईंनी विचारलं, म्हणजे तुम्ही पाहिलंच नाही? इथे खरं म्हणजे पुष्कळ मुद्दे होते. पण तोंडातून नाही एवढंच निघालं. बाई म्हणाल्या, मग दोघींनाही मेडल देऊ, पण पुढच्या वर्षी तुम्ही खुर्च्यांचं बघा.

शाळा सुटली. भिंगरी आली. बाईंनी तिला सांगितलं असावं, कारण ती थांबली आणि माझा हात धरला. चार दिवसांनी. फाटकाबाहेरच्या झाडाखाली माझ्या डोळ्यात काहीतरी गेलं.

तिने माझी टोपी काढून स्वतः घातली आणि लगेच आई गं म्हणाली. आत हात घालून बाहेर काढला तो निळा प्लॅस्टिकचा चिमटा. चांगला मोठा, चादरीचा. तिने चिमट्याकडे पाहिलं, माझ्या डोक्याकडे पाहिलं. मग फार समजूतदारपणे म्हणाली, आजोबा, एवढा चिमटा आत असून तुम्हाला बसत होती, म्हणजे तुम्हाला एस लागेल.