आधाराची दांडी

भाऊजी,

बाबा बाथरूममध्ये घसरून पडले, खुब्याचं हाड मोडलंय. त्यांचे कपडे घ्यायला घरी आले होते, आता परत दवाखान्यात निघालेय. दूध तापवून ठेवलंय, निवलं की फ्रिजमध्ये ठेवा.

बाबांना धरून उठता यावं म्हणून भिंतीला दांडी बसवायला मी सुतार बोलावला होता. तुम्ही त्याला दारातूनच परत पाठवलंत. वाटणीचा निकाल लागेपर्यंत घरात खिळासुद्धा ठोकायचा नाही, कोर्टाची स्थगिती आहे म्हणे! अहो, ती दांडी काय मी उपटून माहेरी नेणार होते?

उद्या सकाळी डॉक्टर बाबांच्या हाडात खिळे ठोकणार आहेत. हिंमत असेल तर त्यांना येऊन दाखवा तुमची स्थगिती.

वहिनी