बटरकपचे दोन धूर

पश्चिम फॉकलंड,
२८ ऑक्टोबर १९३४

लाडक्या टिबीस,

इकडे सगळे खुशाल. सगळे म्हणजे मी, कुत्रा आणि ती लंगडी मेंढी. अक्षर देखणं आहे म्हणून बिचकू नकोस. घरोघर फिरून पोरांना शिकवणारे मास्तर आलेत, ते लिहिताहेत. बोलणं माझंच.

पहिली बातमी: यंदा पहिल्या फुलाची पैज तू हरलीस. मंगळवारी झऱ्याकाठी बटरकप फुललं. एकच, नखाएवढं पिवळं फूल. मेंढ्यांनी सगळं बेट कुरतडलं, पण त्याला तोंड लावत नाहीत. कडू ना, तुझ्यासारखं.

ठरल्याप्रमाणे मी टेकडीवर दोन धूर केले. चांगले वर चढल्यावर आठवलं, खाडीपलीकडे तुझ्या घराला कुलूप आहे.

दोन धूर म्हणजे माणूस आजारी, बोट पाठवा, हे तर सगळ्यांनाच ठाऊक. पण समोरून तुझेही दोन उठले की लोक म्हणायचे, बहिणी पुन्हा फुलावरून भांडताहेत. यंदा समोरून काहीच उठलं नाही. माझा ह्यू तसल्या वाऱ्यात बोट घालून आला. हे मास्तरही त्याच बोटीतले. मी दारात केटली घेऊन उभी.

"आई, काय होतंय तुला?"

"मला कुठे काय? फूल आलंय."

तो ओलाचिंब पायरीवर बसला. ओरडला असता तर बरं झालं असतं. हळूच म्हणाला, "लोकर कातरून झाली की तू आमच्याकडे यायचंस. सोबतीला कुणी असतं तर गोष्ट वेगळी होती."

नातवंडं गोड आहेत गं. पण त्यांच्या खिडकीतून नुसती लोकरीची शेड दिसते.

मास्तर सांगतात, तिकडे स्टॅनली गावात तू काठीशिवाय चर्चची चढण चढतेस. लेकीकडे गेलीस ती कंबर बरी होईपर्यंत, असं म्हणाली होतीस. मला काय त्याचं! आपलं सहज विचारलं.

हरणारीने पेंग्विनच्या अंड्यांचा केक करायचा. अंडी आता निघतीलच. केक टपालाने येत नाही. दुसऱ्या खाटेवर कुत्रा निजतो, त्याला उठवीन.

मास्तर विचारताहेत, "'ये' असं लिहू का?" मी म्हटलं, बोलले तेवढंच लिहा.

फूल पाठवत नाही. एकच आहे, खुडवेना.

कातरणीआधीची बोट तुझ्या जुन्या धक्क्याला लागते. उतरलीस तर तिथे एक धूर कर. चहा झाला की मी टेकडीवर असतेच. येणार नसलीस तर काही करू नकोस. समोर काही न दिसण्याची मला आता सवय झाली आहे.

तुझी जिंकलेली थोरली,
जॅनेट
(हा शाईचा डाग म्हणजे माझा अंगठा)