गोल कोणाचा?

५ नोव्हेंबर १९७७, शनिवार

मैदानाच्या पलीकडच्या बाजूला पाठीवरचे आकडे आज दिसलेच नाहीत. धुकं होतं म्हणावं, तर बाकीच्यांना दिसत होते. डावा डोळा गेल्यातच जमा आहे, आता उजवाही त्याच वाटेवर. घरी बायकोला, ईनिडलाही, सांगितलेलं नाही. ऑफिसात तर नाहीच — दिसत नसलेल्या फुटबॉल-वार्ताहराला कोण ठेवील?

निभतंय ते नॉर्मनमुळे. तो संध्याकाळच्या वृत्तपत्राचा. कित्येक वर्षं माझ्या शेजारच्याच खुर्चीत. गोल झाला की पत्रकारांच्या त्या लाकडी खोपट्यात एकच प्रश्न — कोणाचा? आम्ही दोघं थोरले. आम्ही म्हणू ते नाव सगळे लिहितात. प्रत्येक पत्रात वेगळं नाव आलं तर सगळ्यांचीच शोभा. नॉर्मन माझ्याकडे झुकून हळूच म्हणतो, "लीच?" मी मान हलवतो. मग तो मोठ्याने, "लीच, पोरांनो. स्पेलिंग तरी नीट लिहा!"

७ नोव्हेंबर

प्रकाशकाचा फोन. माझ्या आठवणींच्या पुस्तकाचं नाव त्यांनी पक्कं केलं — 'डोळ्यांदेखत'. "कसं वाटतं?" म्हणाले. छान, म्हटलं.

१२ नोव्हेंबर

जिंकलो, एक-शून्य. गोलासमोर चिखलात झुंबड, मग आरडाओरडा. "होल्डन?" — नॉर्मन. मी मान हलवली. सगळे बातमी द्यायला फोनकडे धावले.

१४ नोव्हेंबर

गोल होल्डनचा नव्हता. एंट्विसल नावाच्या पोराचा होता. पहिलाच सामना, पहिलाच गोल. आणि झाडून सगळ्या पत्रांत होल्डन.

पोराच्या आईचा फोन ऑफिसने माझ्याकडे जोडून दिला. बाईंनी आवाज चढवला नाही. चढवला असता तर बरं झालं असतं. "मी गोलपोस्टच्या मागेच उभी होते हो. घरी त्याच्या आजोबांनी कात्रण कापायला कात्री काढून ठेवली होती."

दुरुस्ती छापू या, असं मी संपादकांना म्हटलं. ते हसले. "सगळ्यांनी होल्डन छापलंय, हेडली. आपणच चुकलो म्हणायचं? आणि मग वरचे विचारतील, नाव पहिल्यांदा सांगितलं कोणी?"



१६ नोव्हेंबर

जेवताना ईनिड म्हणाली, "हल्ली तू चहा कपाबाहेर ओततोस आणि मी पुसते. कधी सांगणार आहेस, तेवढं सांग." मग बटाटे वाढले. मी बटाटे खाल्ले.

१७ नोव्हेंबर

पुस्तकाचं एक पानही लिहून झालं नाही. ती कात्री डोक्यातून जात नाही. नॉर्मनला सांगायचं ठरवलंय. आधी त्याला, मग ईनिडला, मग ऑफिसला. नोकरी जाईल. जाऊ दे. निदान दुरुस्ती तरी येईल.

१९ नोव्हेंबर, शनिवार

सामन्याआधी सांगून टाकलं. "नॉर्मन, मला पलीकडचं दिसत नाही. मार्चपासून. सगळं तुझ्या भरवशावर चाललंय."

चहाचा कप त्याच्या तोंडाशी तसाच राहिला. तो मैदानाकडे बघत बसला. खेळाडू अजून आलेही नव्हते.

"म्हणजे तू जी मान हलवायचास..."

"हो."

"अरे, पण मी तर तुला विचारत होतो."