रिबकाच्या शेजारची जागा

मी, श्रीमती दीना शांतवन पगारे, वय वर्षे ब्याऐंशी, निवृत्त परिचारिका, राहणार धुळे, हे मृत्युपत्र स्वखुशीने, कोणाच्याही दडपणाशिवाय आणि पूर्ण शुद्धीवर असताना लिहून ठेवीत आहे. शुद्धीबद्दल डॉक्टरांचा दाखला सोबत जोडला आहे, कारण माझा मुलगा शमुवेल हल्ली ऊठसूट म्हणतो, "मम्मी, तुला काही कळत नाही." मला सगळं कळतं. गुडघे गेले आहेत, डोकं नाही.

माझ्या मिळकतीवरून भांडण व्हावं असं माझ्याकडे काही नाही. घरात वाद आहे तो एवढाच, की मेल्यावर मला पुरायचं कुठे. शमू म्हणतो, तिकडे ईशान्येच्या डोंगरात, माझे यजमान दिवंगत बिशप शांतवन पगारे यांच्या कबरीशेजारी. तिथल्या मंडळीने माझी जागा राखून ठेवली आहे. मी म्हणते, इथेच धुळ्यात, माझ्या रिबकापाशी. रिबका आमची थोरली. सहा वर्षांची असताना मेंदूज्वराने गेली.

कलम १. राहते घर मुलगा शमुवेल, नोकरी वरणगाव फॅक्टरी, यास मिळावे. लोक याला बिशपचा बंगला म्हणतात. कसला बंगला! दोन खोल्या आणि मागे एक, त्याही माझ्या पगारातून. साहेबांनी जन्मात एक वीट विकत घेतली नाही. हातात आलं ते वाटून मोकळे व्हायचे आणि मी ओरडले की हसायचे.

कलम २. मागची खोली माझ्याकडे कामाला असलेल्या बेबाबाईने हयातभर वापरावी. शिलाई मशीन आणि तांब्याचा बंबही तिचाच. तिने मला आजारपणात उचललं, धुतलं, भरवलं आणि वर शिव्याही दिल्या. सुनेने त्या खोलीत अडगळ टाकायची नाही, हे मी बजावून सांगते.

कलम ३. नणंद सुनंदाबाई यांना माझ्याकडून कपबशीसुद्धा देऊ नये. रिबकाच्या मातीच्या दिवशी त्या मला म्हणाल्या होत्या, "पाद्र्याच्या बायकोने असं गळा काढून रडू नये, लोक काय म्हणतील?" लोक काय म्हणाले ते मला आठवत नाही. त्या काय म्हणाल्या ते आठवतं.

कलम ४. साहेबांच्या वस्तूंबद्दल. त्यासाठी थोडं मागचं सांगावं लागेल, वकीलसाहेबांनी कंटाळू नये.

यांचा जन्म शिरपूरकडचा. वडील मिशनच्या दवाखान्यात कंपाउंडर. पुण्याला शिकून आले, आमच्या अँग्लिकन मंडळीत दीक्षा घेतली आणि जामनेरपासून सातपुड्याच्या पाड्यांपर्यंत सायकलवर फिरले. भिल्लांच्या घरी भाकरी खाल्ली, त्यांच्या बोलीत प्रार्थना केल्या, त्यांच्याच बोलीत भांडलेही. हे बघून वरच्यांनी ठरवलं, डोंगरातल्या नव्या प्रांताला मिशनरी बिशप म्हणून हाच माणूस द्यायचा. मला कोण विचारतंय? शमूची शाळा इथे, माझी नोकरी इथे, रिबका इथे. मी राहिले, ते गेले. वर्षातून एकदा यायचे. भुसावळला उतरून आधी कब्रस्तानात, मग घरी. दर खेपेला म्हणायचे, "दीना, निवृत्त झालो की इथेच, तुम्हा दोघींजवळ." निवृत्त झाले, तर तिथल्या लोकांनी "अजून थोडे दिवस, अजून थोडे दिवस" करत ठेवून घेतलं. या माणसाला कोणाला नाही म्हणता आलं नाही, मला सोडून.

तिथेच गेले. मी पोचले तेव्हा पेटी कबरीच्या काठावर होती आणि सारा डोंगर रडत होता. पेटी खाली सोडताना मी पाहिलं, डोकं पूर्वेला! मी ओरडले, "उलटं ठेवताय! फिरवा!" तिथल्या एका म्हाताऱ्या पाद्र्याने मला बाजूला घेऊन समजावलं. साध्या विश्वासणाऱ्याचे पाय पूर्वेला, म्हणजे पुनरुत्थानाच्या दिवशी तो प्रभूकडे तोंड करून उठतो. मेंढपाळाला उलटं ठेवतात, म्हणजे उठताना त्याचं तोंड आपल्या कळपाकडे असतं. बिशपची बायको असून मला हे ठाऊक नव्हतं. धुळ्यातून पाद्री बदलून जातात, इथे मरत नाहीत.

त्या दिवशी माझं काळीज फाटलं, ते अजून तसंच आहे. म्हणजे शेवटच्या दिवशीसुद्धा यांचं तोंड त्यांच्याकडे. मला शेजारी पुरलं तरी माझं डोकं यांच्या पायाशी. तरी माझा राग त्या लोकांवर नाही. त्यांनी यांना बापासारखं जपलं.

म्हणून क्रूस आणि अंगठी तिकडे पाठवावी. सायकल धनसिंगला द्यावी, तो यांच्याबरोबर पाड्यापाड्यावर फिरला आहे. गंजली आहे, पण मागत असतो.

कलम ५. माझ्या मातीबद्दल. वकीलसाहेब म्हणाले, असली इच्छा कायद्याने बांधील नसते, पाहिजे तर घराला तशी अट घाला. मी नाही म्हटलं. घराची लालूच दाखवून पोराकडून माती करून घेऊ का? शमू, घर तुझंच आहे, मला कुठेही पुरलंस तरी.

तुझं चुकतंय असंही नाही. आईबाप निदान आता तरी एका जागी असावेत, असं तुला वाटतं. आम्हाला एका घरात तू पाहिलंस तरी किती, बाळा? परवा तू रागावून गेलास तेव्हा बेबाबाई म्हणाली, "बाई, तुम्हनी पोर आठे एकली शे. तुम्ही तठे काबर जातस?" पोर इथे एकटी असताना मी तिकडे का जावं, हेच मीही तुला विचारते.

साहेबांना तिकडे हजारो लेकरं आहेत, कबरीवर फुलं सुकत नाहीत. रिबकाला कोण आहे? त्या सकाळी ती उठेल ती सहा वर्षांचीच असेल रे. डोळे चोळेल आणि आधी मला हाक मारेल. तेव्हा मी दूर कुठल्या डोंगरात असू नये. तिचा हात पोचेल एवढ्या अंतरावर मला ठेव.

वरील मजकूर मला वाचून दाखविला, तो माझ्या म्हणण्याप्रमाणे आहे, म्हणून खालील दोघांसमक्ष सही केली. बेबाबाईला यात हिस्सा असल्याने तिची साक्ष घेतलेली नाही. ती दाराशी बसून रडते आहे.

सही: दीना शांतवन पगारे

साक्षीदार:
१. डॉ. शाझिया तौसिफ शेख, धुळे
२. रोनक सुरेशचंद छाजेड, किराणा व्यापारी, धुळे

ठिकाण: धुळे
दिनांक: १८ नोव्हेंबर २०२४