मेणाचा भात

६ जानेवारी १९८३, खालापूर
चि. प्रशांतचे एक सहकारी ओसाकाहून परतले. त्यांच्यासोबत त्याने खोके धाडले आहे. आत चिनी मातीचा वाडगा, त्यात भात, वर तळलेली कोळंबी. सर्व मेणाचे. तिकडे खानावळींच्या काचेमागे असे नमुने मांडतात; गिऱ्हाईक पाहून मागणी करते. सोबत चिठ्ठी: ‘आईला दाखवा, इथे असं जेवतो.’ प्रशिक्षण संपेपर्यंत रजा नाही, हेही. कोळंबीच्या शेपटीचा रंगसुद्धा अचूक. कौतुक वाटले, रागही आला. मुलाऐवजी नमुना.
आईचे दुखणे त्याला कळवले आहे. किती, ते नाही.

९ जाने.
सौ.ला कर्जतला डॉ.कडे नेले. अन्ननलिकेतील गाठ वाढली. यापुढे फक्त पातळ पेज. मला बाजूला घेऊन म्हणाले, "मुलाला बोलवायचं असेल, तर..." वाक्य त्यांनी पुरे केले नाही.

१२ जाने.
सौ.ने वाडगा उशाशी मागून घेतला. पेजेचा घोट, मग तिकडे नजर. "ते बघून मागवतात ना? मी बघून गिळते."

१५ जाने.
कचेरीतून आलो तो घरभर जळक्या मेणाचा वास. मेहुणी तारा कडावहून आलेली. टोपात तो वाडगा, भोवती पिवळा तवंग, त्यात कोळंबीची शेपटी.
"आक्काच्या उशाशी भात गार पडलेला, दाजी. म्हनलं, ऊन करून भरवावा. मला काय ठावं, मेनाचा हाय."
मी नको ते बोललो. सौ. मात्र हसली. कित्येक महिन्यांनी. "तारे, जपान्यांकडनंसुदा शिजला नाय, तो भात तू शिजवलास गं."
हसता हसता ठसका लागला. त्यानंतर पाणीही उतरेना.

१७ जाने.
सौ.: "भात वितळला, ते त्याला कळवू नका." बाकीचे कळवावे का, याविषयी काही बोलली नाही. प्रशांतला बोलावण्यासाठी करायच्या तारेचा मजकूर लिहून खिशात ठेवला आहे. पोस्टापर्यंत गेलो आणि...

२० जाने.
ताराने वाडगा गरम पाण्याने घासून मेण काढले. सौ.ने त्यातच पेज वाढायला सांगितली. उशाशी ठेवली. निवली, वर साय धरली.
"उचलू का?"
"राहू द्या. बघते."